एकांत : एकट्याचा आणि दोघांचा

(ग्रंथालयाच्या शताब्दी व्याख्यानमालेतील भाषण)



लेखकाच्या एकांताविषयी बोलण्यासाठी भरलेले सभागृह निवडावे, यात थोडी विसंगती आहे. चार माणसे जमावीत म्हणून कार्यकर्त्यांनी झटायचे आणि व्याख्यानाचा विषय मात्र माणसांपासून दूर जाण्याचा! तथापि कोणत्याही ग्रंथालयाच्या वाचनकक्षात डोकावून पाहावे. दहा-वीस माणसे एका लांब टेबलाभोवती खांद्याला खांदा लावून बसलेली असतात आणि कोणी कोणाकडे पाहत नाही. ती एकत्र आहेत की एकांतात आहेत, या प्रश्नाचे उत्तर वाटते तितके सोपे नाही. आजच्या विषयाचा गाभा तेथेच कोठेतरी आहे.

प्रथम शब्दाचा विचार करणे इष्ट. एकांत, एकाकीपण, एकटेपणा, विजनवास हे शब्द सैलपणे एकमेकांच्या जागी वापरले जातात. पण भाषा त्यांच्यात काटेकोर भेद करते. एकाकीपण सोसावे लागते. विजनवास लादला जातो किंवा पत्करला जातो. एकांत मात्र मिळतो, आणि पुष्कळदा मिळत नाही. एकाकीपण मिळाले नाही अशी तक्रार कोणी मराठी माणूस करणार नाही. एकांत मिळत नाही ही तक्रार घरोघर आहे. याहून लक्षणीय गोष्ट अशी, की या शब्दाला माणूस एकटाच असावा लागत नाही. नव्या जोडप्याला एकांत हवा असतो. एखादी नाजूक गोष्ट सांगायची झाली तर ती एकांतात सांगायची असते, आणि सांगायची म्हटली की ऐकणारा आलाच. मराठीतला एकांत तिसऱ्याला वगळतो. दुसऱ्याला वगळतोच असे नाही. लेखकाच्या एकांताची चर्चा करताना हा अर्थ सहसा ध्यानात घेतला जात नाही, आणि त्यामुळे त्या चर्चेला डोंगरातल्या गुहेचे, ध्यानस्थ मुनीचे वळण लागते.

गुहेचे आकर्षण मराठी मनाला जुनेच आहे. तुकोबा भामचंद्राच्या आणि भंडाऱ्याच्या डोंगरावर जाऊन बसत, हे प्रत्येकाला ठाऊक असते. पण तेच तुकोबा देहूत परतून कीर्तनाला उभे राहत, हा त्याच कथेचा उत्तरार्ध सांगताना बहुतेकांचा आवाज खाली येतो. मंडालेच्या तुरुंगाचेही तसेच झाले आहे. १९०८ ते १९१४ या काळात लोकमान्य टिळक तेथे होते आणि १९१०-११ च्या हिवाळ्यात त्यांनी 'गीतारहस्या'चा खर्डा लिहून काढला. सुटे कागद नाहीत, पाने मोजून आकडे घातलेल्या बांधीव वह्या. शाई नाही, शिसपेन्सिली. हा तपशील इतका चित्रमय आहे की ग्रंथ जणू तुरुंगाच्या भिंतींनीच लिहून घेतला असे वाटू लागते. वास्तविक त्यामागे कित्येक वर्षांचे चिंतन होते; तुरुंगवासापूर्वीच त्यांनी गीतेवर व्याख्याने दिली होती, शास्त्रीपंडितांशी वाद केले होते. मंडालेत ग्रंथ मागवण्याची मुभा होती. थोडक्यात, जे संवादातून साठले होते ते उतरवण्यास तुरुंगाने सक्तीची फुरसत दिली. केवळ कोंडल्याने ग्रंथ निर्माण होत असते तर कारागृहे ही मोठी विद्यापीठे ठरली असती. साने गुरुजींनी १९३३ मध्ये नाशिकच्या तुरुंगात 'श्यामची आई' लिहिली, तेव्हाही लिहिणाऱ्याच्या मनात घर भरलेले होते.

आता या भागाला जवळच्या उदाहरणाकडे वळावे. गुरुनाथ आबाजी कुलकर्णी, म्हणजेच जी. ए., यांचे शिक्षण बेळगावचे आणि उमेदीचे सारे आयुष्य धारवाडचे. १९२३ साली जन्मलेल्या या लेखकाने धारवाडच्या महाविद्यालयात वर्षानुवर्षे इंग्रजी शिकवले आणि तेथील घरात बसून 'निळासावळा' (१९५९), 'पारवा', 'हिरवे रावे', 'रक्तचंदन', 'काजळमाया', 'सांजशकुन', 'रमलखुणा', 'पिंगळावेळ' (१९७७) अशी कथांची रास घातली. सभासंमेलने त्यांनी टाळली, व्यासपीठे टाळली, डोळ्यांवरच्या काळ्या चष्म्याची तर दंतकथाच झाली. 'काजळमाये'ला १९७३ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला; पुढे पुस्तकाच्या प्रकाशनकालावरून वाद निघाला तेव्हा त्यांनी तो परत केला. अशा माणसाला 'एकांतवासी' हे बिरूद चिकटणे ओघानेच आले, आणि ते एकदा चिकटल्यावर त्यांच्या कथांतला अंधारही त्याच बिरुदाने समजावून देण्याची सोय झाली.

ही सोय फार फसवी आहे. वर्गात दररोज तरुण मुलांसमोर उभा राहणारा प्राध्यापक मनुष्यद्वेष्टा असतो, असे मानणे कठीण. घरी ते 'बाबुआण्णा' होते. मावसबहिणींचा त्या घरात वावर होता आणि त्यांतील नंदा पैठणकर यांनी पुढे 'प्रिय बाबुआण्णा' या नावाने त्या घराच्या आठवणी लिहिल्या. जी. एं.नी माणसे टाळली नाहीत. त्यांनी प्रसंग टाळले. हार, भाषण, परिचय, छायाचित्र, आणि या सगळ्यांतून लेखकाचे जे एक सार्वजनिक सोंग तयार होते, ते त्यांनी नाकारले. दोन्हींतला फरक लहान नाही.

याच संदर्भात त्यांच्याच गावातल्या दुसऱ्या एका थोर लेखकाचे स्मरण होते. दत्तात्रेय रामचंद्र बेंद्रे, कन्नडचे 'अंबिकातनयदत्त', यांचे घर धारवाडच्या साधनकेरीत. घरची भाषा मराठी, काव्याची भाषा कन्नड. बेंद्रे हे मैफलीतले कवी. तरुणपणी त्यांच्याभोवती 'गेळेयर गुंपू' नावाचा मित्रमेळा जमला आणि कन्नड नवकाव्याची एक मोठी लाट त्या मेळ्यातून उठली. कविता म्हणून दाखवावी, लोकांच्या डोळ्यांत ती उतरताना पाहावी, तिच्या नादावर डोलावे, हे त्यांच्या प्रतिभेचे अन्नपाणी होते. योगायोग असा, की ज्या १९७३ या वर्षाचा अकादमी पुरस्कार जी. एं.ना दिला गेला, त्याच वर्षाचे ज्ञानपीठ बेंद्र्यांच्या 'नाकु तंति'ला लाभले. गाव एक, तोच पाऊस, तीच लाल माती. एकाला माणसांचा कल्लोळ मानवला, दुसऱ्याला दार लोटलेली खोली. एकांताशिवाय सृजन नाही, असा सिद्धान्त मांडू पाहणाऱ्याने धारवाडला एकवार जाऊन यावे. एकांत हा प्रतिभेचा नियम नाही. काही प्रतिभांची ती गरज आहे.

जी. एं.च्या बाबतीत ही गरज आणखी एका अर्थाने समजून घ्यावी लागते. १९५६ च्या नोव्हेंबरात राज्यांची पुनर्रचना झाली आणि बेळगाव-धारवाड मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेले. जी. एं.चा पहिला संग्रह त्यानंतरचा आहे. म्हणजे त्यांचे बहुतेक कथासंग्रह मराठीच्या राज्याबाहेर राहत असताना प्रसिद्ध झालेले. रस्त्यावर, बाजारात, कचेरीत कन्नड. मराठी घरात, वहीत आणि टपालात. सीमाभागातल्या आणि बृहन्महाराष्ट्रातल्या संमेलनांतून वर्षानुवर्षे एक तक्रार ऐकू येते, की मुंबई-पुण्यापासून दूर असलेल्या लेखकाची उपेक्षा होते. ती खोटी आहे असे कोणी म्हणणार नाही. परंतु उपेक्षा आणि एकांत यांची गल्लत करून दूरच्या प्रत्येक गावाला आपोआप साधनेचे पावित्र्य बहाल करणेही बरे नव्हे. अंतर हे स्वतः काही देत नाही. जी. एं.ना अंतर मानवले, कारण त्या अंतराच्या दोन्ही टोकांना कोणीतरी जागे होते. एका टोकाला ते स्वतः. दुसऱ्या टोकाला 'सत्यकथे'सारखे मासिक आणि दूरवरच्या लेखकाचे हस्तलिखित लक्षपूर्वक वाचणारे संपादक. मधे होते टपालखाते, ज्याचे मराठी वाङ्मयावरील ऋण अजून कोणी नीट मोजलेले नाही.

या टपालाने जे वाहून नेले त्याचे प्रमाण थक्क करणारे आहे. जी. एं.च्या निवडक पत्रांचेच चार खंड झाले. त्यांतला पहिला सुनीता देशपांडे यांना लिहिलेल्या पत्रांचा. सुनीताबाईंची बाजू पुढे 'प्रिय जी. ए.' या पुस्तकातून वाचकांसमोर आली. प्रत्यक्ष भेटी थोड्या, पत्रे मात्र दीर्घ. त्यांत वाचलेली पुस्तके आहेत, पाहिलेले चित्रपट आहेत, चित्रकला आहे, थट्टा आहे, कडवटपणा आहे, आणि समोरच्या माणसाच्या मनाची विलक्षण कदर आहे. कथेत जो लेखक इतका निर्मम वाटतो तो पत्रांत बोलघेवडा आहे. ही पत्रे वाचल्यावर 'एकांतवासी जी. ए.' हे चित्र पुसले जात नाही, पण त्याचा अर्थ पालटतो. प्रारंभी सांगितलेला मराठी शब्दाचा तो दुसरा अर्थ येथे उपयोगी पडतो. जी. एं.चा एकांत दोघांचा होता. त्यांनी तिसऱ्याला, म्हणजे गर्दीला, दाराबाहेर ठेवले आणि दुसऱ्याला एकेक करून आत घेतले.

असे त्यांचे एकट्याचेच झाले असे नव्हे. अमेरिकेतल्या ॲमहर्स्ट गावी घराबाहेर पडणे जवळजवळ सोडून दिलेल्या एमिली डिकिन्सनने सुमारे १८०० कविता लिहिल्या. त्यांपैकी जेमतेम दहाएक तिच्या हयातीत छापल्या गेल्या; पण तिची हजारावर पत्रे आज उपलब्ध आहेत आणि कित्येक कविता त्या पत्रांतूनच स्नेह्यांकडे गेल्या.

प्रागच्या फ्रान्त्स काफ्काचे उदाहरण तर अधिक बोलके आहे, आणि जी. एं.च्या कथांची चर्चा करताना समीक्षकांनी त्याचे नाव वारंवार घेतलेही आहे. काफ्का विमासंस्थेत नोकरीला, राहणे आईवडिलांच्या घरी. त्याची खोली बैठकीची खोली आणि आईवडिलांचे शयनगृह यांच्या मधोमध. दारांची आदळआपट, येणीजाणी, हाका. दुपारी कचेरीतून परतायचे, झोपायचे आणि घर निजल्यावर लिहायला बसायचे. १९१२ च्या सप्टेंबरात २२ तारखेच्या रात्री बसून त्याने 'निर्णय' ही कथा पहाटेपर्यंत एका बैठकीत संपवली. पुढल्या जानेवारीत वाग्दत्त वधू होऊ घातलेल्या फेलिसला त्याने आपले स्वप्न कळवले : एका मोठ्या तळघराच्या अगदी आतल्या खोलीत दिवा आणि लेखनसाहित्य घेऊन राहावे, जेवण कोणीतरी दूर बाहेरच्या दाराशी आणून ठेवावे, ते आणण्यापुरतेच काय ते चालणे व्हावे. असा एकांत मागणारा हा तरुण ती मागणी करतो पत्रातून, आणि त्या मुलीला तो अशी शेकडो पत्रे लिहितो. तळघराच्या या स्वप्नात जेवण आणून ठेवणारे ते 'कोणीतरी' कोण, याचा उल्लेख नाही. प्रत्यक्षात मात्र त्या व्यक्तीला नाव आहे. १९१६-१७ च्या हिवाळ्यात त्याला शांतपणे लिहिता यावे म्हणून प्रागच्या किल्ल्याजवळच्या गल्लीतले एक चिमुकले घर मिळाले, ते त्याची धाकटी बहीण ओट्ला हिने घेतलेले होते. त्या घरात बसून त्याने पुढे 'खेड्यातला डॉक्टर' या संग्रहात आलेल्या बऱ्याच कथा लिहिल्या.

जी. एं.च्या 'पिंगळावेळ'मध्ये 'स्वामी' नावाची कथा आहे. एका प्रवाशाला मठात नेले जाते आणि जमिनीखालच्या खोलीत स्वामी म्हणून कोंडून ठेवले जाते. जेवणखाण, पूजाअर्चा, मानमरातब, सारे यथास्थित. नाही ते एवढेच, की बाहेर पडता येत नाही. काफ्काला जे स्वप्न वाटले ते येथे दुःस्वप्न झाले आहे. त्या कोंडलेल्या माणसाला अखेर सोबत मिळते ती उजेडाकडे वाढू पाहणाऱ्या एका वेलीची. या कथेचे अनेक अर्थ लावले गेले आहेत आणि ते सर्व येथे मांडण्याचे कारण नाही. परंतु ज्या लेखकाला एकांताचा उपासक म्हणून ओळखले जाते, त्यानेच लादलेल्या एकांताचे इतके गुदमरवणारे चित्र रंगवावे, ही गोष्ट नजरेआड करता येत नाही. एकांताचे दार आतून उघडता आले पाहिजे, हे त्यांना पुरते ठाऊक होते.

हे दार आतून लावण्याची मुभा ज्यांना कधीच नसते, त्यांचे काय? १९२९ साली व्हर्जिनिया वुल्फ यांनी स्त्रीच्या लेखनासाठी स्वतःची खोली आणि वर्षाकाठी ५०० पौंड यांची आवश्यकता सांगितली. हा हिशेब युरोपातला म्हणून पुष्कळांनी बाजूला सारला. पण तो बेळगावलाही लागू पडतो. इंदिरा संत आणि त्यांचे पती ना. मा. संत यांच्या कवितांचा संयुक्त संग्रह 'सहवास' या नावाने निघाला होता. १९४६ मध्ये पती गेले. पदरी तीन लहान मुले, संसार, अध्यापनाची नोकरी, पुढे अध्यापन महाविद्यालयाचे प्राचार्यपद. 'शेला', 'मेंदी', 'मृगजळ', 'रंगबावरी' हे संग्रह या धबडग्यातून आले. 'गर्भरेशीम'ला १९८४ चा अकादमी पुरस्कार मिळाला. येथे एकाकीपण भरपूर होते आणि एकांत जवळजवळ नव्हता. जी. एं.च्या खोलीतला दीर्घ, सलग वेळ या कवयित्रीला कोण देणार? त्यांच्या कवितेचा आकार लहान आहे, ती एका क्षणाभोवती गोळा होते, याचे श्रेय समीक्षक त्यांच्या संयमाला देतात. ते योग्यच आहे. पण दोन कामांच्या मधल्या फटीत जे मावू शकते त्याच मापाची ती कविता आहे, हेही सांगायला हरकत नसावी. त्या मर्यादेचे त्यांनी सोने केले, म्हणून मर्यादा नव्हती असे होत नाही.

उत्तरायुष्यात इंदिराबाईंनी 'मालनगाथा'च्या रूपाने जात्यावरच्या ओव्या संकलित करून त्यांचे रसग्रहण केले, याला त्यामुळे विशेष अर्थ प्राप्त होतो. घर निजलेले असताना पहाटेच्या अंधारात जाते फिरू लागे. सासरच्या घरात बाईला स्वतःचा म्हणावा असा वेळ तेवढाच, आणि तोही दळण संपेपर्यंतचा. हात कामाला जुंपलेले, तोंड मोकळे. ती भावाशी बोले, मेलेल्या आईशी बोले, विठ्ठलाशी बोले. समोर दुसरी दळणारी असली तर तिच्याशी. हाही दोघांचाच एकांत. खानदेशात बहिणाबाई चौधरींची कविता अशीच घरातल्या-शेतातल्या कामाच्या लयीत जन्मली. त्यांना अक्षर येत नव्हते. मुलगा सोपानदेव आणि आप्तेष्ट यांनी ती टिपून ठेवली आणि बहिणाबाई गेल्यानंतर, १९५२ साली, ती पुस्तकरूपाने आली. ज्यांच्या ओव्या टिपून घ्यायला घरात कोणी नव्हते त्यांचा एकांत पिठाबरोबर डब्यात गेला.

म्हणून एकांताचा प्रश्न हा निव्वळ लेखकाच्या स्वभावाचा प्रश्न राहत नाही. तो जागेचा आहे, वेळेचा आहे, आणि तो वेळ कोणाच्या श्रमातून काढला जातो याचा आहे. त्याच प्रश्नाला आता आणखी एक पदर सुटला आहे. पूर्वी तिसरा दाराबाहेर होता. आज तो खिशातल्या भ्रमणध्वनीत बसलेला असतो आणि मिनिटामिनिटाला हाक मारतो. पत्र लिहिणारा दुसऱ्याला आठवत लिहीत असे, उत्तराची आठ-पंधरा दिवस वाट पाहत असे. त्या वाट पाहण्यातच पुष्कळसे विचार पिकत. 'सत्यकथा' १९८२ मध्ये बंद पडले. टपालाचा झोत आटला. सीमेपलीकडच्या गावात बसून मराठीत लिहू पाहणाऱ्या तरुण मुलाला वा मुलीला आज संपर्काची साधने अमाप आहेत. मनापासून वाचणारे दुसरे माणूस मात्र दुर्मिळ झाले आहे.

अशा वेळी जुन्या ग्रंथालयांकडे पाहावेसे वाटते. शताब्दीच्या निमित्ताने कोणतीही संस्था विस्ताराच्या योजना आखते, आणि विस्तार म्हटला की आधी सभागृहाचा विचार होतो, ध्वनिक्षेपकाचा होतो, देणगीदारांच्या नामफलकाचा होतो. वाचनकक्षात आज मुख्यतः स्पर्धापरीक्षांची मुले बसतात. त्यांना तेथून उठवावे असे कोणी सुचवणार नाही. दोन खोल्यांच्या घरातून आलेल्या मुलाला 'शांतता राखा' या पाटीखाली मिळणारी खुर्ची ही आयुष्यातली पहिली स्वतःची जागा असते. परंतु एखादी लहानशी खोली, जिला दार आहे, चांगला उजेड आहे, एक टेबल आणि दोन खुर्च्या आहेत, अशी राखून ठेवता येईल. ती दुपारी बारा ते चार उघडी असावी, कारण घरातल्या बाईला सवड झालीच तर त्याच वेळात होते. तेथे बसणाऱ्याने काय लिहिले हे कोणी विचारू नये, कार्यक्रमात वाचायला लावू नये, नाव फळ्यावर लिहू नये. दुसरी खुर्ची ग्रंथपालासाठी किंवा एखाद्या जाणत्या वाचकासाठी. लिहिणाऱ्याने बोलावले तर त्याने जाऊन बसावे आणि हातातली पाने शेवटपर्यंत वाचावीत.